कटनंतरचे सेकंद

संकलकाने दृश्य पुन्हा मागे नेलं. पडद्यावर त्याची बायको खिडकीशी उभी होती आणि नायक तिच्यापासून हातभर अंतरावर. वीस मिनिटांच्या लघुपटात दोघं एकमेकांना शिवतसुद्धा नाहीत, नुसतं बघतात. आणि नेमकं तेच बघणं याच्या डोळ्यांत खुपत होतं. असं काय नुसत्या अभिनयाने जमतं होय! कुठेतरी पाणी मुरतंय, याची त्याला खात्रीच झाली होती.

म्हणून तीन दिवस तो दृश्यं बाजूला ठेवून त्यांची शेपटं, म्हणजे ‘कट’नंतर उरलेलं चित्रण, तपासत होता. ‘कट’ ऐकल्यावर क्षणभर माणूस बेसावध असतो, हा त्याचा धंद्यातला अनुभव.

बायको दारातून डोकावली.

"अजून तोच सीन? एवढं वाईट केलंय का मी काम?"

"छे! उलट फारच मन लावून केलंयस."

टोमणा तिला बरोबर लागला. "शोध मग, काय शोधायचंय ते," म्हणाली आणि निघून गेली.

त्याने शोधलं. कट झाला की नायक खिशातून मोबाइल काढायचा आणि बायको चक्क जांभई द्यायची. एकदाही दोघांनी वळून पाहिलं नव्हतं. त्याचा जीव भांड्यात पडला. मग स्वतःचीच लाज वाटली.

पण ही जांभई आपल्याला दिसते कशी? कट म्हटल्यावर कॅमेरा बंद व्हायला हवा. त्याने नायकाची एकट्याची दृश्यं उघडली. कट म्हणताच काळोख. बायकोची उघडली. सहा सेकंद जास्तीचे. मग नऊ. शेवटच्या दिवशी एकोणीस. ती केसांतल्या पिना काढत चाललीय आणि कॅमेरा अलगद दारापर्यंत तिच्या मागे जातोय.

कॅमेरा त्याच्या धाकट्या भावाने धरला होता. याने बोट धरून शाळेत नेलेला सख्खा भाऊ.

त्याने फोन लावला.

"कट म्हटल्यावर कॅमेरा चालू का ठेवायचास रे?"



"दादा, म्हणूनच मी लांबचं काम घेतलंय," धाकटा म्हणाला. "परवा निघतो. वहिनीला यातलं काही म्हणजे काही माहीत नाही."

याला खडसवायचं होतं. पण सवयीने तोंडून गेलं, "जायच्या आधी जेवायला येऊन जा."

"नको, दादा."

"बरं," तो म्हणाला. आयुष्यात पहिल्यांदाच त्याने धाकट्याला आग्रह केला नाही.