खंडेनवमीची गाडी

आसाराम मुकादमानं पूजेतल्या घणाला कुंकू लावलं, तोच धुळाजी धनगर धापा टाकत आला.

"मुकादम, पुलापाशी रूळ तडकलाय!"

रुळांची निगा राखणारी त्याची गँग उठून उभी राहिली, पण हत्याराकडं हात कुणाचाच जाईना. खंडेनवमीला पुजलेलं हत्यार दसरा उजाडेपर्यंत उचलायचं नाही, ही बापजाद्यांची रीत. गेल्या साली आसारामनं घाईत पहार उचलली आणि महिन्याभरात त्याचा धाकटा भाऊ पायानं अधू झाला. त्या धसक्यानं यंदा त्यानं पूजा स्वतः मांडली होती. आता आली का पंचाईत! तासाभरात फौजेची गाडी परळीहून सुटणार, आणि नवे रूळ तर जर्मनीची लढाई लागल्यापासून बघायलाही मिळत नव्हते.

"देवा, काय करायचं ते माझं कर, भावाला सोड," असं म्हणून आसारामनं घण उचलला. मग बाकीचेही वाकले.

एकजण लाल निशाण घेऊन गाडी अडवायला पुढं पळाला. इतरांनी पूल गाठून तडकल्या जागेखाली जुना लाकडी सिलीपर ठोकून बसवला, दोन्ही अंगांनी लोखंडी पट्ट्या आवळल्या. गाडी त्यावरून मुंगीच्या पावलांनी पार झाली. खिडक्यांत कोवळी पोरं गात होती. आसाराम धुळाजीकडं वळला.

"धुळाजी, दोन कोस पळत काहून आलास? गेल्या महिन्यात रुळावर आली म्हणून म्या तुझी मेंढरं कोंडवाड्यात घातलती."

"तुमी घातली, मुकादम. त्या लेकरांनी न्हाई."

आसारामनं हात जोडले.

"लई उपकार झाले, बाबा. मेंढरं कुठं हायत?"

"रुळापल्याड. तशीच टाकून आलो."

मेंढरं रानोमाळ पांगली होती. मग काय, रेल्वेचे दहा गडी हुर्र हुर्र करत धावले, एकमेकांना हसले, काट्यांत धोतरं फाडून घेतली. एक गाभण मेंढी तर आसारामनं ओढ्यातून खांद्यावर आणली. दिवस मावळायच्या आत कळप पुरा झाला.

रुळाजवळ येताच धुळाजीनं सवयीनं मेंढरं थांबवली.

"फाटकावरून वळसा घालून नेतो, मुकादम."

आसारामनं लाइनीवर दोन्हीकडं नजर टाकली. गाडी नव्हती. काखेतलं हिरवं निशाण त्यानं काढलं, नीट उलगडलं आणि मेंढरांपुढं धरलं.