भुताची मराठी

तुमचा कुणाचा विश्वास बसणार नाही, पण भुताला मराठी मी शिकवलं. हसा खुशाल! इथं सिंगापुरात, चोआ चू कांगला आमच्या शेजारच्या फ्लॅटमध्ये हायासे-सान राहायला आला, तेव्हाची गोष्ट.

हायासे म्हणजे भुताखेतांचे व्हिडिओ गेम रचणारा जपानी. पहिल्याच गेममध्ये त्यानं असं भूत आणलं, की खेळणाऱ्यानं खेळ थांबवला तरच ते हलायचं. माणसं भीतीनं जेवायला उठेनात. एक जण तर म्हणे नऊ दिवस जागचा हलला नाही! दुसऱ्या गेममधून त्यानं भूतच काढून टाकलं. नुसत्या दाराबाहेरच्या चपला, दर खेपेला एक जोड जास्त. पुढचे दोन गेम मात्र आपटले. तिकडच्या कंपनीनं नारळ दिला आणि साठीचा हा माणूस तांजोंग पगारच्या एका लहानशा कंपनीसाठी शेवटचा गेम करायला इथं आला.

"पद्माकर-सान," मला म्हणायचा, "यावर माझं नाव लागलं की मी सुखानं थांबेन."

रोज सकाळी मी बायकोला, शुभदाला, "येतो गं" म्हणून बाहेर पडायचो. एकदा त्यानं मला कॉरिडॉरमध्येच गाठलं.

"निघताना काय म्हणता तुम्ही?"

"येतो."

"म्हणजे?"

"आय कम."

त्याचा चेहरा पांढराफटक! "आम्ही 'जाऊन येतो' म्हणतो. तुम्ही जाणंच गाळलंत!"

झालं, गेमचा शेवट सापडला. खेळभर घरातलं भूत घालवायची खटपट. अखेर ते जातं, दार लागतं, आणि बाहेरून आवाज येतो, "येतो." आवाज माझा, बरं का! रेकॉर्डिंग ऐकून त्याचं मांजर जे पळालं, ते थेट यिशुनला सापडलं.

नाव लावण्याच्या करारावर सही होईपर्यंत हा शेवट कंपनीलाही दाखवायचा नाही, असं त्याचं ठरलेलं. ठाऊक होतं ते आम्हा दोघांनाच. आणि सहीच्या आठवडाभर आधी कंपनी म्हणते, आता तुमची गरज नाही, शेवट आमच्या कुशलला सुचलाय. कुशल म्हणजे आपल्या सुचित्राचा मुलगा! गेम आला तो त्याच शब्दासकट. नाव कुशलचं, आवाजही कुशलचा.

हायासे माझ्या दारात उभा. "पद्माकर-सान, तुम्ही कुणाला सांगितलंत?"

"माझ्या तोंडून चकार शब्द गेलेला नाही," मी म्हणालो.

तो कमरेत वाकला, बराच वेळ वाकूनच राहिला. दोन दिवसांनी बघतो तर फ्लॅट रिकामा. दोन वर्षं माझ्याकडे पोहे खाल्ले आणि जाताना बेलसुद्धा वाजवली नाही. दोस्तावर संशय! विश्वासघात म्हणतात तो हा, मंडळी.

"पण काका," सुबोध म्हणाला, "मग कुशलला कळलं कसं?"

"अरे, इथल्या भिंती किती पातळ! येता-जाता ऐकलं असेल."

शुभदानं चहाचा ट्रे टेबलावर आदळला.

"काय हो खोटं बोलता! ऋताच्या केळवणाला तुम्हीच सांगितलंत सगळं, भुताचा आवाज काढून. कुशल तेव्हा तुमच्याच पानात जिलबी वाढत होता."