अकरा पेट्या, चोवीस सऱ्या

बांधापलीकडे मधवाल्याच्या मधमाश्यांच्या अकरा पेट्या. अलीकडे आमच्या खरबुजाच्या चोवीस सऱ्या. गोठ्यात बैल एक. गेल्या उन्हाळ्यापर्यंत दोन होते. त्या माश्या डसल्या, बैल उधळून नाल्यात पडला, मान मोडून गेला. नवा बैल या खरबुजांच्या पैशावर येणार होता.

ऊन अंगणात आलं तसे बाबा फवारणीचा पंप पाठीला लावू लागले.

“संध्याकाळी मारा ना,” मी म्हटलं. “आत्ता फुलांवर माश्या आहेत.”

“म्हणूनच आत्ता.”

“माश्यांशिवाय फळ धरणार नाही, बाबा.”

“फळ वेल धरते. ह्या भामट्या आपल्या फुलांतला रस ओढून त्याच्या बरण्या भरतात. चार बुकं शिकलीस म्हणून बापाला शेती शिकवू नकोस!”

आईने खुरपं टाकलं. “वर्षभर कुढलात, आता नाक कापायला निघालात. कुणाचं ते तरी बघा!”

“तू तण काढ.”

दुपारी पेट्यांच्या तोंडाशी मेलेल्या माश्यांचा बोटभर जाड थर होता. मधवाला ओंजळ भरून बांधावर आला.

“दादा, बैल गेला त्या दिवशी हात जोडून तुझ्या दारात उभा होतो. तू आतून कडी लावलीस.”

“आता फिटलं,” बाबा म्हणाले.

संध्याकाळी त्याने पेट्या टेम्पोत घालून नेल्या. बाबा पोटभर जेवले, पण एका जागी बसवेना. पुढचे कितीतरी दिवस ते उठसूट बांधावर जायचे, पेट्यांखालचे पिवळट चौकोन बघून परत यायचे.

फवारणीनंतर उमललेल्या साठ मादी फुलांना मी लाल दोरा बांधला होता. दहाव्या दिवशी सत्तावन्न गळाली. गळलेल्यांचे दोरे मी बाबांच्या हातात ठेवले. ते बराच वेळ दोरे चाळवत राहिले.

“माशी करते काय नेमकं? दाखव.”

मी नर फूल खुडलं, पाकळ्या काढल्या, पराग मादी फुलाला लावून दाखवला. “फूल एकच सकाळ उघडं असतं,” म्हटलं.

दुसऱ्या दिवशी उजाडताच आई-बाबा दोघं सरीत वाकली.

“माश्यांची कंबर धरत नसेल का हो?” आईने विचारलं.

“गप हात चालव.”

ऊन तापलं, फुलं मिटली. तोवर दोघांची मिळून दीड सरी झाली होती.