ओळ खाली पडू न देणारी

सुभद्रामावशीचे उपकार आधी, बाकीचं मागून. लोणावळ्याजवळच्या कान्हे गावातल्या तिच्या घरातली मागची खोली मला तिनं दिली; लोणावळ्याच्या चिक्कीच्या कारखान्यात ‘माझी भाची’ म्हणून तिनंच उभं केलं; आणि ज्या संगीतिकेविषयी हे लिहिते आहे, तिच्या कोरसमध्येही हाताला धरून तीच घेऊन गेली. तिचा आवाज उकळत्या गुळाच्या पाकासारखा आहे. आधी नुसती खदखद, घोगरी, दाट; आणि मग एकाएकी त्यातून निघणारी लांबच लांब, सोनेरी तार. सातवीत शाळा सोडून मराठवाड्यातून इतक्या दूर आलेल्या मला प्रत्येक नव्या दाराची धास्ती वाटे, अजूनही वाटते. पण त्या आवाजामागून चाललं की दार अगोदरच उघडं असल्यासारखं भासे.

संगीतिका होती शेवंताबाईंवर. शेवंताबाई म्हणजे मावशीची जिवाभावाची मैत्रीण, त्या दोघींच्या, आता बंद पडलेल्या कारखान्यातल्या बायकांची पुढारी; जाऊन पुष्कळ वर्षं झाली. पुण्याच्या एका तरुण संगीतकार बाईंनी त्यांचं आयुष्य सुरांत बांधलं होतं. त्यात कुणी बोलत नाही, भांडणही गाऊनच होतं, हे कळल्यावर मावशी म्हणाली, गेटवर आमी असं गायलो असतो तर साहेबानं मागण्या ऐकल्याच नसत्या, वन्स मोअर मागितला असता.

रविवारी दुपारी लोणावळ्यातल्या एका शाळेच्या सभागृहात तालीम चाले. पावसाळा सरला होता. उतारावरची सोनकीची फुलं वाळत चालली होती, आणि खिडकीतून येणारं आश्विनातलं पिवळं ऊन मावशीच्या पांढऱ्या केसांवर, पाक ढवळून राठ झालेल्या मनगटांवर, गाताना नकळत पुढे होणाऱ्या उजव्या तळहातावर क्षणभर विसावून पुढे सरके. त्या तळहाताचा अर्थ मला हळूहळू उमगला. गेटवरच्या सभेत बायका गात, तेव्हा एकीचा श्वास संपायच्या आत शेजारणीनं तळहात पुढे करून ओळ उचलायची, अशी त्यांची रीत होती. ओळ मध्ये तुटली नाही म्हणजे ती कुणी सुरू केली, कुणी संपवली, हे वॉचमनला सांगता येत नसे, आणि कामावरून काढायला एकटी कुणी सापडत नसे. कारखाना मिटला, गेट गंजलं. पण आटलेल्या ओढ्याच्या वाळूत ओल राहावी तशी ती सवय मावशीच्या देहात राहिली होती.

नेमकी तीच आडवी आली. शेवटच्या प्रवेशात दवाखान्यातल्या खाटेवर शेवंताबाई गाता गाता थांबतात, आणि मग काहीच नाही. वाद्यं नाहीत, कोरस नाही, केवळ दीर्घ, निरालंब शांतता. दर तालमीला मुख्य गायिका थांबली की मावशीचा तळहात पुढे होई आणि ओळ उचलली जाई. बाकीच्या बायका तोंडाला पदर लावून हसत. संगीतकार बाईंनी कितीदा तरी समजावलं. अखेर, आवाज न चढवता, त्या म्हणाल्या की पुन्हा असं झालं तर त्या प्रवेशात मावशींना उभं करता येणार नाही. मावशी खाली बसून चपलेचा पट्टा लावत राहिली, उगीचच, बराच वेळ.

त्या संध्याकाळी कान्ह्याला उतरलो, तेव्हा फलाटाच्या टोकाशी ती थांबली.

‘ती गेली तवा मी कारखान्यात पाळीला व्हते. दवाखान्यात कुणीच न्हवतं तिच्यापाशी.’ आणि थोडं चालल्यावर म्हणाली, ‘मला ठावं हाय गं, ती गप झाली ते. पर तोंड ऐकत न्हाई.’

मी म्हटलं, मावशी, मी हात धरते तुझा.

दिवाळीनंतर प्रयोग झाला. मी तिच्या उजव्या बाजूला उभी होते. तो तळहात माझ्या हातात होता. गायिका थांबली. समोरचा काळोख जणू पुढे सरकून आमच्या पायांशी येऊन बसला. मावशीच्या हाताला ओढ आली, तिचे ओठ विलग झाले, आणि तो हात दाबायचा हे मी विसरूनच गेले. मग त्या राठ पंजानंच माझी बोटं आवळून धरली. ओठ मिटले. शांतता संथपणे, कुणाच्याही आधाराशिवाय, आपल्या टोकापर्यंत गेली.

टाळ्या चालू असताना मावशी माझ्याकडे वळली. गावाकडून आत्ताच सांगावा आल्यासारखी, हळू म्हणाली,

‘गेली गं शेवंता.’

मरण एका दिवसाचं असतं. ते मनापर्यंत पोचायला मात्र काळ किती वळणं घेतो, हे मी त्या चेहऱ्यावर पाहिलं. मावशीनं ही संगीतिका समोर बसून अजून ऐकलेली नाही. एक दिवस मी तिला पहिल्या रांगेत बसवीन आणि तिच्या जागी उभी राहून गाईन. तिचे उपकार मला असेच फेडता येतील. फेडीन हे नक्की. तोवर काळानं त्या आवाजाला इथंच असू द्यावं.