पाटीलबाई खाली बसल्या

मंजुषाच्या अंगणात कुरडया घालायचं ठरलं, की गव्हाच्या चिकाचा आंबूस वास गल्लीच्या टोकापर्यंत येई आणि मेघाचे पाय आपोआप तिकडे वळत. आज हिच्या घरी, उद्या तिच्या घरी, अशी गावातल्या बायकांची पद्धत. शाळेत असल्यापासून साचा दाबायचं काम मेघाकडे, कारण तिची तार तुटत नसे. यंदाही ती गेली. तिला पाहताच अंगणातलं बोलणं मध्येच थांबलं. मंजुषा आत गेली, प्लास्टिकची निळी खुर्ची घेऊन आली, पदराने पुसून सावलीत ठेवली आणि म्हणाली, "बसा पाटीलबाई."

मेघा बसली. काय करणार?

आंजीच्या पुढच्या त्या लहानशा गावाची ती दोन वर्षांपासून पोलीस पाटील होती. परीक्षा दिली, मुलाखत झाली, उपविभागीय अधिकाऱ्यांच्या सहीचा आदेश आला. गावात मारामारी झाली, कुणी संशयास्पद मेलं, अनोळखी माणूस येऊन राहिला, तर ठाण्याला कळवायचं, हे तिचं काम. अंगावर वर्दी नाही, हातात काठी नाही. तरी ती आली की पानठेल्यावरचे लोक हवामानावर बोलू लागत. दारूबंदीच्या जिल्ह्यात दारू कुठे मिळते हे गावातल्या प्रत्येकाला ठाऊक होतं आणि पाटीलबाईंसमोर प्रत्येक जण ते विसरत असे. त्या अंगणातही बायका आधी कुणाच्या तरी दिराच्या पिण्यावर हसत होत्या, हे तिने वळणावरूनच ऐकलं होतं. आता त्या ऊन फार आहे म्हणत होत्या.

दुसरीला साचा नीट जमत नव्हता. तार तुटत होती. मेघा खुर्चीत बसून बघत राहिली.

एरवी असलं कुणाला सांगावं, तर मंजुषालाच. पहिलीपासून दोघी एका बाकावर बसलेल्या. मंजुषाचं लग्न गावातल्याच आदेशशी झालं तेव्हा मेघा वर्ध्याला बी.एस्सी. करत होती आणि दर शनिवारी हिच्या चुलीपुढे बसून तिला कॉलेजातल्या गमती सांगत होती. तीच मंजुषा आता 'तुम्ही' म्हणत होती. सुरुवातीला मेघाला ती थट्टा वाटली. मग कळलं, की थट्टा नाही.

मला खाली बसायचं होतं, असं मेघाने घरी सांगितलं तेव्हा आई, पंचफुलाबाई, चिडली. म्हणाली, "तुह्या आजीले त्या अंगणात पाय ठेवाले जागा नव्हती. तुले खुर्ची पुसून देतात. अन् तू खाली बसतो म्हणते?" आईचं खरं होतं. पण आईला संध्याकाळी गप्पा मारायला आपल्या वस्तीतल्या चार बायका होत्या. हल्ली त्याही मेघा ओट्यावर आली की पदर सावरून बसत.

राज्यसेवेच्या परीक्षेसाठी ती राज्यशास्त्र वाचत होती. ठरावीक प्रदेशात बळ वापरण्याचा वैध हक्क जिच्याकडे असतो ती संस्था म्हणजे राज्य, अशी व्याख्या तिच्या नोट्समध्ये होती. रसायनशास्त्राच्या सवयीने ती व्याख्येतला एकेक घटक वेगळा काढून बघे. या गावात बळ कुठे आहे? ठाणं दूर, पोलिसांची गाडी यायला वेळ लागतो. आपण तर कुणाला चापटही मारू शकत नाही. मग होळीच्या वेळी, ट्रॅक्टरखाली दुसऱ्याचे पाइप चिरडून वर हमरीतुमरीवर आलेला गावातला चंद्रभान आपल्या एका वाक्याने कसा गप्प झाला? आपण फक्त "पुरे काका" म्हटलं होतं. म्हणजे ते बळ आपल्यात नाही, लोकांच्या समजुतीत आहे. त्यांनीच ते खुर्चीवर ठेवलंय. आणि त्यांनी ठेवलेलं असेल, तर आपल्याला ते उचलून बाजूलाही ठेवता येईल.

इथवरचा तर्क तिला बिनचूक वाटला. तपासायला एकच गोष्ट बदलायची, बाकी सगळं तसंच ठेवायचं.

पेरणीच्या आधी मंजुषाचा निरोप आला. चंद्रभान हा आदेशचा थोरला भाऊ. दोघांच्या वावरांमधला धुरा, म्हणजे हद्दीचा बांध, तो दर वर्षी नांगरताना थोडा थोडा कोरत असे, यंदा तर त्याने पार अर्धा खाल्ला होता. दोघांना समोरासमोर बसवा, अशी मंजुषाची विनंती होती. मेघाला मनातून आनंद झाला. मंजुषाला तिची गरज पडली होती.

ती वावरात पोचली तेव्हा आदेश निळी खुर्ची डोक्यावर उलटी घेऊन मागून येत होता. मंजुषाने पाठवली होती. चंद्रभान निंबाखाली उभा होता, टोपी हातात धरून. आदेशने खुर्ची मांडली. मेघा म्हणाली, "राहू द्या भाऊजी, आपण सगळे खालीच बसू. घरचंच तर आहे." आणि ती धुऱ्यावर, ढेकळांत बसली.

चंद्रभानने जरा वाट पाहिली. मग टोपी डोक्यावर घातली. मग बसला, आणि थोड्या वेळाने कोपरावर रेलला. मेघा मोजणी, खुणा, भूमी अभिलेख असं समजावून सांगत होती, आणि तो गवताची काडी चावत तिच्याकडे मजेत बघत होता.

"पोरी," तो म्हणाला, "कालपावतर तू ह्याच धुऱ्यावर आमची बोरं चोरे. आता धुरा कोनाचा ते तू मले शिकवून राह्यली?"

आदेश उसळला. तो वहिनीबद्दल काही बोलला, चंद्रभान मंजुषाबद्दल बोलला, आणि दोघे उठले. मेघाही उठली. "पुरे काका," ती म्हणाली. होळीला म्हटलं होतं तितक्याच आवाजात. मग त्याहून मोठ्याने. तिच्याकडे कुणी वळूनसुद्धा पाहिलं नाही. चंद्रभानच्या हातात फावडं कधी आलं ते तिला दिसलंच नाही. दांडा आदेशच्या कानावर बसला आणि तो खुर्चीवर आडवा पडला, खुर्चीसकट.

आंजीच्या दवाखान्यात टाके पडले. जिवाला धोका नव्हता, पण त्या कानाने ऐकू येईल की नाही ते डॉक्टर आत्ताच सांगत नव्हते. मेघा बाहेरच्या बाकावर बसली. बऱ्याच वेळाने मंजुषा येऊन शेजारी टेकली. ब्लाउजच्या बाहीवर रक्त वाळलं होतं.

"तू खाली काऊन बसली?"

मेघाने तिच्याकडे पाहिलं.

"मी खुर्ची पाठवली होती ना तुह्यासाठी. मले का समजत नाई, तू कोन आहेस ते? बोरं मी बी चोरली तुह्यासंग." तिचा आवाज चढला नाही. "त्या मानसाले धाक फक्त खुर्चीचा होता. माह्याकडे दुसरं काईच नव्हतं, मेघा. मैत्रीण बोलवाची असती, तर घरी बोलावली असती."

कुरडयांच्या दिवशी मैत्रीण म्हणून का नाही बोलावलं, हे मेघाच्या ओठांवर आलं होतं. तिने ते गिळलं. "मला वाटलं..." ती म्हणाली, आणि आपल्याला काय वाटलं होतं ते इथे सांगण्यासारखं नाही, हे तिला कळलं.

मंजुषाने डोळे पुसले, पदर डोक्यावर घेतला. उभी राहिली.

"उद्या ठाण्यात जबाब द्याले जावं लागन. तुम्ही चालसान ना संग, पाटीलबाई?"

"येते," मेघा म्हणाली.

दुसऱ्या दिवशी काळीपिवळी जीप फाट्यावर थांबली तेव्हाच खच्चून भरली होती. मंजुषा आणि तिच्या सोबतच्या दोघी मागच्या बाकावर शिरल्या, एकमेकींच्या मांडीवर अर्ध्या बसल्यासारख्या. मेघा चढली तशा त्या तिघी आणखी आक्रसल्या. तिच्यासाठी खिडकीशी जागा झाली, एका माणसाला लागते त्याहून जास्त. मेघाने अंग सैल सोडून त्यांच्याकडे सरकायचं म्हटलं असतं, तर सरकता आलं असतं.

ती ताठ बसली. ठाण्यात काय सांगायचं, कोणत्या क्रमाने, हे मनात लावू लागली. आपण खाली बसलो होतो, तेही सांगायचं तिने ठरवलं. बाहेर कपाशीच्या पऱ्हाटीसाठी तयार केलेली काळी वावरं मागे जात होती. वळणावर जीप कलली, तशी मंजुषा तिच्या अंगावर रेलली, आणि रस्ता सरळ होताच "माफ करजा" म्हणून बाजूला झाली.