डाव्या बाजूची नळी

माझी नात रेणुका जनावरांच्या डॉक्टरकीच्या पहिल्या वर्षाला. तोंडी परीक्षेत एकदा आपटली. बैलाच्या मानेत अन्ननलिका कुठल्या बाजूला, असं विचारलं, तर ही म्हणाली उजव्या. आता उद्या शेवटची संधी होती. चुकली की वर्ष गेलं.

पोरगी नुसती घोकत होती, "इसोफॅगस, ट्रॅकिया, इसोफॅगस, ट्रॅकिया." मला वाचायला फार येत नाही, पण चित्र कळतं. पुस्तकातल्या बैलाचं तोंड तिच्याकडं. त्याची डावी बाजू तिच्या उजव्या हाताला.

"तू बैलाच्या समोर उभी राहतेस गं," मी म्हणाले. "आम्ही मागं उभं राहायचो."

माझा लेक श्रीपती, रेणुकाचा बाप, सिकंदराबादला रेल्वेत आहे; त्याच्याच घरी आम्ही राहतो. तो लगेच खेकसला, "आई, त्या गोष्टी इथं नकोत."

त्या गोष्टी म्हणजे माझा बाप. मराठवाड्यात गावची मेलेली ढोरं तो ओढायचा, फाडायचा, आणि त्यासाठीच गाव आम्हाला लांब ठेवायचं. पुढं बौद्ध धम्माची दीक्षा घेतली, बापानं सुरी टाकली. झकास केलं. पण मी पाहिलेलं कुठं टाकू?

मी तडक कोपऱ्यावरच्या मटणवाल्याकडं गेले. "बकऱ्याची गर्दन पूरी दे, नळ्या काढू नक्को."

"नळ्या कैकू, अम्मा?"

"पोरीला शिकवायचंय."

ओट्यावर पेपर पसरून मी मान ठेवली. श्रीपती दारातच थबकला. "बरकतपुऱ्यात इज्जतीनं राहतो आपण! शेजारी काय म्हणतील?"

"शेजारी मटण खातात, ते काय झाडाला लागतं? सरक, उजेड अडवू नको."

रेणुकाला मी खांद्याच्या बाजूला उभं केलं. मणका वर, हात खालून. "डोळ्यांनी नको, बोटांनी बघ. कडक, कड्याकड्यांची लागते ती?"

"ट्रॅकिया. श्वासनलिका."

"आणि तिच्या बाजूला मऊ, चपटी, ओल्या नाडीसारखी?"

पोरीची बोटं थांबली. "डावीकडं सरकलीय, आजी!"

"बैलाचंही असंच. जनावर खाल्लेलं ह्याच वाटेनं परत तोंडात आणतं, निवांत रवंथ करतं. माणूस नुसता ओकतो."

पोरगी हसली. श्रीपती नाही हसला. पाठ फिरवून म्हणाला, "कॉलेजात कुणाला सांगू नकोस, कुठं शिकलीस ते."

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी जेवायला बसलो, तेव्हा रेणुका आली. पास! टेबलावर बैलाची मान होती म्हणे. ही वळसा घालून खांद्याच्या बाजूला गेली, डोळे मिटून हात घातला आणि नळी धरूनच उत्तर दिलं. मॅडमनी विचारलं, अशी पद्धत कुणी शिकवली? घरात कुणी डॉक्टर आहे का?

श्रीपतीचा हात ताटातच थांबला. "मग? काय सांगितलंस?"

"सांगितलं, माझ्या आजीनं. तिचे वडील मेलेली ढोरं फाडायचे, तिथं ती शिकली."

"सगळ्यांसमोर?"

"हौ. वीस पोरं होती. मॅडम म्हणाल्या, आजीला एकदा घेऊन ये."

श्रीपती तोंडातला घास तसाच धरून माझ्याकडं बघत राहिला. चावेना, गिळेना.

"गिळ," मी म्हणाले. "आणि सोमवारी रजा टाक. मला कॉलेजात तूच सोडायचंस."