टिक वाजेपर्यंत

मित्रांनो, मी एक जुना सुरा आहे. लगेच मागे सरकू नका. मी खोटा आहे, सिनेमातला. माझं पातं कुणाच्या अंगाला टेकलं की अलगद मुठीत शिरतं आणि आत ‘टिक’ असा बारीक आवाज होतो. बघणाऱ्यांना वाटतं, सुरा छातीत गेला. जातो कुठे, तर माझ्याच पोटात. तुम्हाला माझी भीती वाटत असेल. पण खरं सांगू का, माझ्याइतकं भित्रं त्या सिनेमांत दुसरं कुणीच नव्हतं.

माझा जन्म छत्र्या दुरुस्त करणाऱ्याच्या टपरीत झाला. माझी मूठ म्हणजे एका मोडक्या छत्रीचा पोकळ दांडा. आतली स्प्रिंगही छत्रीचीच. पातं पत्र्याचं. छत्रीवाल्याने त्याच्या कडा घासून घासून बोथट केल्या. टोकही तो घासणार होता, पण समोर उभा असलेला दिग्दर्शक म्हणाला, “टोक राहू दे. नाहीतर लोक हसतील.”

“हसले तर हसू देत की,” छत्रीवाला म्हणाला. “कुणी रडलं नाही म्हणजे झालं.”

पण टोक राहिलं. माझी भीती त्या टोकावरच जन्माला आली आणि तिथेच ठाण मांडून बसली.

हा दिग्दर्शक भीतीचे छोटे छोटे सिनेमे काढायचा. कुणाचं तरी घर मागून आणायचं, खिडक्यांना काळी कापडं ठोकायची आणि भर दुपारी आत रात्र करायची. कितीही चांगला शॉट झाला तरी तो “अजून एकदा” म्हणायचा, म्हणून माघारी त्याचं नावच ‘अजून-एकदा’ पडलं होतं.

तिथेच मला ताई भेटली. दिवसा ती चष्म्याच्या दुकानात लोकांच्या नाकावर चष्मे बसवून बघायची आणि सुट्टीच्या दिवशी येऊन मरायची. पहिल्या सिनेमात तिला नावही नव्हतं. कोठीच्या खोलीत मारली जाणारी मुलगी, एवढीच तिची ओळख. पण ती अशी किंचाळली की स्वयंपाकघरात चहा गाळणाऱ्या बाईच्या हातून गाळणीच सुटली. त्या दिवसापासून सगळे तिला किंकाळीताई म्हणू लागले. पुढे ती नायिका झाली. तळघरात कोंडली गेली, विहिरीत ढकलली गेली, आणि मी तर तिला किती वेळा मारलं असेल, मोजलं नाही.

संध्याकाळी तिच्या आईचा फोन यायचा.

“काय गं, मेलीस का आज?”

“मेले.”

“जेवलीस का?”

“मरायच्या आधीच जेवले.”

“बरं केलंस. रिकाम्या पोटी मरू नये बाई.”

गळा मोकळा करायला ताई शॉटच्या आधी दोन ओळी गुणगुणायची. लहानपणी आईनेच त्या जुळवल्या होत्या म्हणे.

*नीज गं भीती, नीज गं बाई,*
*दाराच्या मागे कुणीच नाही.*

मला त्या ओळी फार आवडायच्या. पण माझी भीती निजायची नाही. स्प्रिंग अडकली तर? पातं आत गेलंच नाही तर? मला ओरडता कुठे येतं?

माझी ही भीती फक्त एका माणसाला कळली होती. तो आमचा सामानवाला मामा. मुखवटे, तुटक्या बाहुल्या, दोरखंड आणि मी, सगळे त्याच्या पत्र्याच्या पेटीत राहायचो. त्याने एक रीत पाडली होती. शॉटच्या आधी तो मला ताईसमोर धरायचा आणि मोठ्याने विचारायचा, “खोटा?” ताई माझं टोक आपल्या डाव्या तळहातावर दाबायची. टिक. मग ती म्हणायची, “खोटा.” मला ज्याच्या हाती द्यायचं, त्यानेही तसंच करायचं. हे झाल्याशिवाय कॅमेरा चालू व्हायचा नाही. ती टिक ऐकली की माझा जीव भांड्यात पडायचा.

संध्याकाळी मामा मला कोमट पाण्याने धुवायचा. कारण आमचं रक्त म्हणजे साखरेचा घट्ट पाक आणि लाल रंग. जरा वेळ ठेवलं की मुंग्यांची रांग लागायची. मामा त्यांना फुंकर घालत म्हणायचा, “जा बायांनो, इथे कुणी मेलेलं नाही.”

कौतुकाचे दिवसही मी पाहिले. एका छोट्या थिएटरात सिनेमा संपल्यावर एक आजीबाई ताईजवळ आल्या आणि तिचा दंड चाचपून म्हणाल्या, “आहेस ना गं धड?” ताई पुढे म्हणायची, तिला मिळालेलं ते सगळ्यात मोठं बक्षीस.

मग काळ पालटला. किंचाळायला नव्या मुली आल्या. ताईच्या केसांत चांदी आली. मी पेटीत पडून राहिलो, माझ्या अंगावर एक डोळा नसलेली बाहुली आणि बाहुलीवर धूळ. अंधारात एकच बरं होतं. कुणी उचलत नव्हतं, म्हणून कुणाला लागायची भीती नव्हती.

एके दिवशी पेटी उघडली. अजून-एकदाने नवा सिनेमा काढला होता. या वेळी ताई मरणार नव्हती, मारणार होती. आणि जिला मारायचं, ती होती ताईची सख्खी भाची. मुलीचा पहिलाच सिनेमा. ताईच्या बहिणीने मुलीला दारात सोडताना ताईला सांगितलं होतं, “तुझ्या भरवशावर पाठवतेय हं. नाहीतर हिला या असल्या धंद्यात मी पाठवलं नसतं.”

“माझ्या हातून मरेल,” ताई म्हणाली, “पण केसालाही धक्का लागणार नाही.”

सकाळी अर्धा शॉट झाला. पाक माझ्यावरून ओघळला. उरलेला अर्धा जेवणानंतर होता, आणि रक्त जिथे जसं आहे तिथे तसंच दिसायला हवं होतं. म्हणून मामाने मला धुतलं नाही. उलट, एकही थेंब फिसकटू नये म्हणून मूठ खाली करून एका पेल्यात जपून उभं केलं आणि दिव्याशेजारी ठेवलं. मित्रांनो, हे त्याने काळजीपोटी केलं. पण पाक हळूहळू खाली उतरला, मुठीच्या तोंडात शिरला. दिव्याची धग लागली. माझ्या पोटात साखर वाळत गेली, आणि मी दगडासारखा घट्ट झालो. मला सगळं कळत होतं. सांगता येत नव्हतं.

जेवण झालं. घराच्या मालकीणबाई दारात येऊन घर कधी रिकामं करणार म्हणून विचारून गेल्या. सगळ्यांची धावपळ सुरू झाली. भाचीचे हात खुर्चीमागे बांधले होते. ताईच्या डाव्या तळहातावर मेकअपवाल्याने सकाळभर खपून एक खोटी जखम चिकटवली होती.

“ताई, तळहात कशाला लावू नका हं,” तो म्हणाला. “उखडली तर पुन्हा बसून करावी लागेल.”

मामाने मला पुढे केलं. “खोटा?”

ताईने आपल्या तळहाताकडे पाहिलं. भाचीच्या बांधलेल्या हातांकडे पाहिलं. मग मला घेतलं आणि नुसतंच म्हणाली, “खोटा.”

टिक झाली नाही. कुणाच्या लक्षातही आलं नाही.

दिवे लागले. भाची ओठ चावून समोर बसली होती. तिच्या सदऱ्याचं वरचं बटण श्वासाबरोबर वरखाली होत होतं. मला तिथेच जायचं होतं. मला ओरडायचं होतं, निसटून पडायचं होतं, पण माझी मूठ ताईच्या हातात पक्की होती. ती गुणगुणली, “नीज गं भीती, नीज गं बाई...” आणि तिने मला कानाच्याही वर उचललं.

इतकी वर्षं मला असं उचललं की माझं सैल पातं किंचित खुळखुळायचं. दुसऱ्या कुणाला ऐकू न येणारा आवाज. पण जिच्यावर मी शेकडो वेळा उगारला गेलो, तिच्या कानाला त्याची सवय होती. आज काहीच वाजलं नाही. ताई त्या शांततेला दचकली. पण हात सुटला होता, जोरात खाली येत होता. तो थांबवणं तिच्या हाती उरलं नव्हतं. तिने दुसरा हात मध्ये घातला.

मी खोट्या जखमेतून खऱ्या तळहातात शिरलो.

जिच्या किंकाळीने लोक खुर्चीतून उठायचे, ती तेव्हा किंचाळली नाही. तिने भाचीकडे नीट पाहून घेतलं आणि हळूच म्हणाली, “हा खरा आहे.”

अजून-एकदाने स्वतःच कॅमेरा बंद केला. मेकअपवाला पुढे धावला, पण कुठलं रक्त कुठलं ते त्यालाही कळेना. भाची तेवढी ओरडत होती, “आधी मला सोडवा, मला मावशीचा हात धरायचाय.”

तळहाताला टाके पडले. संध्याकाळी फोन आला.

“काय गं, मेलीस का आज?”

“नाही गं आई,” ताई म्हणाली. “आज कुणीच नाही मेलं.” आणि मग मात्र ती रडली.

मामाने मला कोमट पाण्यात रात्रभर भिजत घातलं, आणि सकाळी माझं टोक घासून टाकलं. त्याला लोक हसले नाहीत. कुणाच्या लक्षातसुद्धा आलं नाही.

आता मामा थकला आहे. त्याच्या पेटीसकट मला भाची सांभाळते, आणि ताई पुन्हा पहिल्यासारखी मरते. मित्रांनो, तुमच्या घरातही माझे भाऊबंद असतील. रोजच्या सवयीचे, निरुपद्रवी वाटणारे. त्यांना धुवा, पुसा, आणि हातात घेण्याआधी एकदा तरी तपासून बघा. नुसतं तोंडाने म्हणू नका. घाई कितीही असो.

मी अजूनही भितो. शॉटच्या आधी भाची मला पुढे धरते आणि विचारते, “खोटा?” ताई आपला डावा तळहात उघडते. तिथे एक पांढरी रेघ आहे. त्या रेघेवरच ती मला टेकवते आणि दाबते.

टिक.

“खोटा,” ताई म्हणते. तेवढ्यापुरती माझी भीती निजते. मग दिवे लागतात, आणि ताई किंचाळते.